साब ९-५ जुनी घेताना: आधी ऑइल चेंबर उघडा, मग भाव करा

स्वीडनमध्ये राहायला आल्यावर जुनी स्टेशन वॅगन शोधायला ब्लॉकेट ही जुन्या वस्तूंच्या जाहिरातींची साइट उघडली की साब ९-५ समोर येतेच. ऐसपैस, आरामशीर, टर्बो इंजिनाची, आणि त्याच वयाच्या व्हॉल्व्होपेक्षा बहुतेक वेळा स्वस्त. स्वस्त का, हेही उघड आहे. ट्रोलहेत्तानच्या साब ऑटोमोबाइल कंपनीनं डिसेंबर २०११ मध्ये दिवाळं काढलं. बंद पडलेल्या कंपनीची गाडी घरी आणायची की नाही, याचं उत्तर वर्ष आणि इंजिन पाहून बदलतं. इथे बोलतोय ते पहिल्या पिढीच्या ९-५ बद्दल, म्हणजे १९९७ ते २०१० पर्यंत बनलेल्या गाडीबद्दल.

पार्टची भीती आधी काढून टाकू. सुट्या भागांची कंपनी मूळ कंपनीपासून वेगळी होती आणि ती दिवाळखोरीत गेलीच नाही. साबच्या कर्जाला स्वीडिश सरकारची हमी होती आणि त्यापोटी ही कंपनी तारण होती, म्हणून ती सरकारच्या ताब्यात आली. ओरियो या नावानं ती न्यूशॉपिंगहून पार्ट पुरवत राहिली आणि पुढे हेडिन या गाडीविक्रेत्या समूहाकडे गेली. शिवाय ब्रेक, फिल्टर, सस्पेन्शन, सेन्सर हे बॉश, एटीई यांसारख्या कंपन्यांचेच असल्यानं बाजारात सहज मिळतात. अडचण येते ती आतल्या प्लास्टिकची, ट्रिमची आणि काही इलेक्ट्रॉनिक मॉड्यूलची. त्यासाठी भंगारयार्ड गाठावं लागतं. २०१० साली आलेली नवीन आकाराची ९-५ मात्र वेगळी गोष्ट. ती फारच थोडी बनली, आणि तिचा हेडलाइट फुटला तर शोधत बसावं लागतं. दिसायला देखणी आहे, पण रोजच्या वापरासाठी नको.

आता इंजिन. चार सिलिंडरचं पेट्रोल, २.० किंवा २.३ लिटर, हेच घ्या. कॅमशाफ्टला बेल्टऐवजी चेन आहे, ब्लॉक दणकट आहे, आणि कुठलाही साब मेकॅनिक ते डोळे मिटून खोलतो. ३.० लिटरचं व्ही६ पेट्रोल, ज्याचा टर्बो एकाच बाजूच्या तीन सिलिंडरांच्या एक्झॉस्टवर चालतो, तांत्रिक गंमत म्हणून छान आहे. पण त्याला बदलत राहावा लागणारा टायमिंग बेल्ट आहे आणि काम करायला जागा नाही. ३.० लिटरचं डिझेल फुकट मिळालं तरी घेऊ नका. ते इसुझूचं इंजिन आहे, त्याचे लायनर, म्हणजे सिलिंडरच्या आतल्या नळ्या, खाली बसतात, कूलंट जातं, आणि दुरुस्तीचा खर्च गाडीच्या किमतीच्या पुढे पळतो. १.९ डिझेल फिएटकडचं आहे, चालतं, पण ईजीआर (एक्झॉस्टचा धूर परत इंजिनात सोडणारा व्हॉल्व्ह) आणि स्वर्ल फ्लॅप (आत येणारी हवा घुसळणाऱ्या झडपा) काजळीनं भरतात. शहरातल्या छोट्या फेऱ्यांसाठी ते नाही.

चार सिलिंडरचं पेट्रोल इतकं चांगलं, तर मग एवढ्या ९-५ बेअरिंग उडून भंगारात का गेल्या? कारण ऑइल. २००३ पर्यंतच्या गाड्यांत क्रँककेसची, म्हणजे इंजिनाच्या खालच्या पोकळीतली, वाफ बाहेर काढणारी पीसीव्ही यंत्रणा अपुरी होती. त्यात कॅटॅलिटिक कन्व्हर्टर इंजिनाच्या तळाशी ऑइल साठवणाऱ्या चेंबरच्या जवळ, त्यामुळे चेंबर तापतं. वर लांबलेले ऑइल बदल आणि साधं ऑइल. या तिन्ही गोष्टी एकत्र आल्या की ऑइल करपतं, त्याचे कोळशाच्या चुऱ्यासारखे कण चेंबरच्या तळाशी साचतात आणि पंपाच्या तोंडावरची जाळी बुजते. गरम इंजिन आयडलवर असताना ऑइलचा लाल दिवा लुकलुकला, तर तो सेन्सरचा दोष समजून पुढे जायचं नाही. इंजिन तिथंच बंद करायचं.

ऑइल भरायच्या झाकणातून टॉर्च मारून आत स्वच्छ दिसलं म्हणून निश्चिंत होऊ नका. वरचं डोकं चकचकीत आणि खाली जाळी अर्धी बुजलेली, असं सर्रास असतं. खात्रीचा मार्ग एकच, चेंबर उतरवणं. विक्रेत्याकडे त्याचं बिल असेल तर उत्तम. नसेल तर हे काम तुम्हालाच करावं लागणार असं धरून भाव करा, मग मायलेज कितीही कमी असो. उलट कमी चाललेली, छोट्या फेऱ्या मारलेली गाडी जास्त संशयास्पद.

काम असं. गाडी चार स्टँडवर पक्की उचला. नुसत्या जॅकच्या भरवशावर खाली शिरायचं नाही. ऑइल काढा, एक्झॉस्टचा पुढचा भाग सोडवा, मग चेंबरचे बोल्ट. जुनं सीलंट घट्ट धरून ठेवतं, तेव्हा कडेनं जपून उचकटा. ॲल्युमिनियमच्या बसकीवर पटाशीचा ओरखडा पडला तर तिथूनच पुढे गळेल. जाळी काढून सॉल्व्हंटमध्ये धुवा आणि उजेडात धरून प्रत्येक भोक मोकळं आहे ना ते पाहा. जाळीच्या नळीवरची रबरी ओ-रिंग नवीनच टाका. जुनी, कडक झालेली रिंग परत बसवली तर पंप ऑइलबरोबर हवा ओढतो, आणि सगळं धुऊनही प्रेशर कमीच राहतं. इथे गॅस्केट नसतं, फ्लँज सीलंट लागतं, लॉकटाइट ५१८ सारखं. पातळ, अखंड रेघ द्या. जास्त लावलं तर आत सुटलेले तुकडे पुन्हा त्याच जाळीवर जाऊन बसतात. ऑइल फिल्टर नवा, आणि ऑइल सुमारे ४ लिटर.

त्याऐवजी बाटलीतलं इंजिन फ्लश ओतून मोकळं होण्याचा मोह अनेकांना होतो. या इंजिनात तो प्रकार घातक. चिकटून बसलेला मळ एकदम सुटतो आणि सगळाच्या सगळा जाळीवर जातो.

चेंबर धुतल्यावर २००३ पर्यंतच्या गाडीत पीसीव्हीचा सुधारित किट बसलेला आहे का ते बघा. मेकॅनिक मंडळी त्याला सहा नंबरचा किट म्हणतात. त्यात होज, ऑइल ट्रॅप आणि चेक व्हॉल्व्ह असतात. चेक व्हॉल्व्ह उलटा बसला तर टर्बोचं प्रेशर क्रँककेसमध्ये शिरतं आणि सीलांमधून ऑइल बाहेर यायला लागतं, तेव्हा त्यावरचा बाण नीट पाहूनच लावा. २००४ पासून सुधारित यंत्रणा कारखान्यातूनच आली. म्हणून घ्यायचीच तर २००४ नंतरची घ्यावी.

पुढे ऑइलची शिस्त: पूर्ण सिंथेटिक, ०डब्ल्यू-४० किंवा ५डब्ल्यू-४०, दर ८,००० ते १०,००० किमीला, किंवा वर्षातून एकदा. २.० लिटरची बायोपॉवर गाडी असेल, म्हणजे ई८५ या इथेनॉलमिश्रित इंधनावर १८० आणि पेट्रोलवर १५० अश्वशक्ती देणारी, तर हे अंतर आणखी कमी ठेवा. थंडीत छोट्या फेऱ्यांत इथेनॉल पूर्ण जळत नाही, ते ऑइलमध्ये उतरतं. त्यामुळे हिवाळ्यात इंजिनाचा ब्लॉक हीटर लावून निघणं या गाडीला मानवतं.

दुसरा खर्चिक भाग म्हणजे इग्निशन कॅसेट. चारही सिलिंडरांची कॉइल एकाच लांबट काळ्या पेटीत, थेट प्लगांवर बसवलेली. ही पेटी ठिणगी तर देतेच, शिवाय प्लगच्या टोकांमधून आयन प्रवाह मोजून नॉकिंग (इंधन अवेळी पेटणं) आणि मिसिंग (इंधन न पेटणं) ओळखते. साबची ही खरी हुशारी. पण म्हणूनच प्लगच्या बाबतीत गाडी फार चोखंदळ आहे. एनजीकेचा पीएफआर६एच-१० घाला, गॅप १ मिमीच्या आसपास. गॅप वाढली की कॅसेटवर ताण येतो आणि ती मरते. त्यामुळे तीस हजार किमीला प्लग बदलणं कॅसेट विकत घेण्यापेक्षा फार स्वस्त पडतं. बदलायला चार टी३० टॉर्क्स स्क्रू सोडवायचे, कनेक्टर काढायचा, पेटी सरळ वर उचलायची आणि उलटी न ठेवता बाजूला ठेवायची. हेड ॲल्युमिनियमचं आहे, तेव्हा प्लग थंड इंजिनावरच, २८ न्यूटन मीटरला. कॅसेट जायला लागली की चढावर जोर दिल्यावर गाडी झटके देते, चेक इंजिन दिवा लुकलुकतो. अनुभवी साबवाले डिकीत एक चालू कॅसेट आणि टी३० पाना ठेवतात. बाजारात स्वस्त नकली कॅसेट भरपूर आहेत. त्यांच्या नादी लागू नये.

गाडी गरम झाल्यावर चालता चालता बंद पडते, अर्ध्या तासानं काही झालंच नाही अशी सुरू होते, आणि बंद पडताना आरपीएमचा काटा शून्यावर जातो? तो क्रँकशाफ्ट सेन्सर. फ्युएल पंप बदलण्याआधी हा बदला.

बाकीच्या कुरबुरी किरकोळ. माहिती दाखवणाऱ्या डिस्प्लेच्या रेघा उडतात, कारण आतली रिबन केबल सुटते. केबल बदलून देणारे लोक आहेत, अख्खं युनिट घ्यायची गरज नाही. एबीएसचा दिवा लागला तर बहुतेकदा मॉड्यूलमधले सोल्डरचे टाके तडकलेले असतात, तेही दुरुस्त होतात. फायरवॉलजवळचा हीटरचा प्लास्टिकचा बायपास व्हॉल्व्ह ठिसूळ होऊन कूलंट गळतं. व्हॅक्यूमच्या रबरी नळ्या एकदाच सगळ्या काढून ४ मिमी सिलिकॉनच्या घाला, टर्बोच्या निम्म्या तक्रारी तिथंच मिटतात. पाच गिअरच्या ऑटोमॅटिकचं ऑइल बदलायची गरज नाही असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. एकदा काढल्यावर निम्मंच निघतं, म्हणून मध्ये थोडी चालवून तीनदा बदला. दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्ये जाताना धक्का बसत असेल तर मात्र गाडीच सोडा. मॅन्युअल सापडली तर तीच बरी.

मागच्या चाकांच्या कमानी, दारांच्या खालच्या कडा आणि ब्रेकच्या पाइपांचा गंज खाली वाकून बघा. बेसिक्टनिंगमध्ये, म्हणजे गाडीच्या सक्तीच्या तपासणीत, ब्रेक पाइप हमखास पकडले जातात. हिवाळी टायर धरूनच हिशेब करा. डिसेंबर ते मार्चमध्ये रस्त्यावर बर्फ असेल तर ते सक्तीचे आहेत आणि नक्षी किमान ३ मिमी लागते.

चालवायला गाडी कशी? महामार्गावर अप्रतिम. सीट अजूनही नव्या गाड्यांना लाजवतील अशा. २.३ लिटरच्या एरो या जोरदार मॉडेलमध्ये ३५० न्यूटन मीटर जोर आहे, तोही खालच्या आरपीएमला, त्यामुळे ओव्हरटेकला गिअर उतरवावा लागत नाही. रात्री नाइट पॅनल बटण दाबलं की वेगाचा काटा सोडून डॅशबोर्डवरचे सगळे दिवे मालवतात. शहरात मात्र ती जडच वाटते आणि पेट्रोल पिते: लिटरला ८ किमी धरा, महामार्गावर १२.

किल्लीचा विषय बहुतेक जण विसरतात. ती दोन सीटांच्या मधे लागते, आणि मॅन्युअलमध्ये रिव्हर्स गिअर टाकल्याशिवाय निघत नाही. कॉफी सांडून इग्निशन स्विच चिकटलेला नाही ना ते तपासा. नवी किल्ली प्रोग्रॅम करायला टेक २ हे यंत्र लागतं, ते प्रत्येक गॅरेजात नसतं. सगळ्या किल्ल्या हरवल्या तर चोरीविरोधी मॉड्यूलच बदलावं लागतं. विक्रेता एकच किल्ली देत असेल, तर दुसरीचा खर्च किमतीतून आधी वजा करून घ्या.

भारतात परतताना ही गाडी सोबत नेण्याचा विचार डोक्यात आणू नका. वापरलेली गाडी आयात करायची तर ती तीन वर्षांच्या आतली आणि उजव्या हाताच्या स्टीअरिंगची असावी लागते. इथली प्रत्येक ९-५ दोन्हीत नापास होते.