टोमॅटोचं रोप: घरी बी टाकायचं की नर्सरीतून आणायचं?

नाशिकमध्ये टोमॅटोच्या रोपांना तोटा नाही. गिरणारे, दिंडोरी, पिंपळगाव बसवंत या पट्ट्यात शेतकऱ्यांसाठी ट्रेमध्ये रोपं वाढवणाऱ्या नर्सऱ्या जागोजाग आहेत. मग अंगणातल्या पाच-सहा झाडांसाठी बी टाकायचा खटाटोप कशाला? आमच्या मते हे महिन्यावर ठरवावं. जून-जुलैत लागवड करायची तर नर्सरीतून रोप आणा, सप्टेंबर-ऑक्टोबरात करायची तर घरी बी टाका.

पावसाळी हवेत घरच्या ट्रेला ओल सुटत नाही आणि रोपं कोलमडतात. मातीलगतचं खोड बुरशीने नरम पडतं आणि सकाळी सगळी रांग आडवी झालेली दिसते. नर्सरीत वर छप्पर, बाजूला जाळी आणि पाणी मोजून असतं, त्यामुळे हा धोका बराच कमी. सप्टेंबरात पाऊस ओसरायला लागला की हवा बियांना मानवते, पाच ते आठ दिवसांत कोंब वर येतात. डिसेंबर-जानेवारीत मात्र नाशिकची थंडी आडवी येते. गच्चीत ठेवलेलं बी दहा-बारा दिवस हलत नाही, लोक कंटाळून ते उकरतात. त्या दिवसांत ट्रे रात्री घरात घ्यावा, नाहीतर सरळ रोप आणावं.

दुसरा मुद्दा वाणाचा, आणि इथे घरचं बी स्पष्ट वरचढ आहे. नर्सरीत मिळतात ते बहुतेक बाजाराचे संकरित वाण. वीस किलोच्या क्रेटमधून लांबवर जायचं म्हणून साल जाड, गर घट्ट. भाजीला चालतं, पण सार किंवा कोशिंबिरीसाठी रसाळ, आंबटसर टोमॅटो हवा असेल तर बी स्वतः निवडावं लागतं. राहुरी कृषी विद्यापीठाचं धनश्री किंवा जुनं पुसा रुबी हे सरळ, म्हणजे संकरित नसलेले वाण आहेत, त्यांचं बी पुढच्या वर्षासाठी राखता येतं. रोगाची भीती असेल तर बंगळूरच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेचा अर्का रक्षक हा संकर बघा. पानं वळवणारा विषाणू, जिवाणूजन्य मर आणि लवकर येणारा करपा या तिन्हींना तो प्रतिकारक आहे. बाजारातला टोमॅटो चिरून बी टाकणं फुकटात होतं खरं, पण तो संकरित असला तर पुढच्या पिढीत आईसारखं फळ येईलच असं नाही.

घरी करायचं तर सहा झाडांसाठी दहा-बारा बिया पुरतात. कोकोपीट, म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, दोनदा पाण्यात भिजवून पिळून घ्या; न धुतलेल्यात क्षार असतात आणि कोवळ्या पानांच्या कडा करपतात. दोन भाग कोकोपीट, एक भाग चाळलेलं गांडूळखत आणि किलोभर मिश्रणाला चमचाभर ट्रायकोडर्मा, म्हणजे रोगाच्या बुरशीला रोखणारी उपकारक बुरशी. बुडाला भोकं पाडलेल्या कागदी कपात अर्धा सेंटिमीटर खोल बी टाकून वर वर्तमानपत्र झाका. पहिला कोंब दिसला त्याच दिवशी कागद काढायचा. एक-दोन दिवस उशीर झाला, किंवा ट्रे खिडकीतच राहिला, की रोपं उजेडाकडे ताणून काटकुळी होतात. पांढरी माशी बसू नये म्हणून मच्छरदाणीच्या कापडापेक्षा बारीक विणीची पातळ ओढणी बरी, कारण बोकड्या, म्हणजे पानं वळवणारा चुरडा-मुरडा रोग, याच माशीमुळे पसरतो. पंचविसाव्या दिवसापर्यंत रोज बघायला कोणी घरात नसेल तर हा मार्ग सोडून द्यावा.

नर्सरीत गेल्यावर उंच रोपाला भुलू नका. चार-पाच पानांचं, साधारण वीतभराहून थोडं कमी, खोडाने जाड रोप उत्तम. एक रोप ट्रेमधून उपसून बघा. मुळं पांढरी हवीत आणि गड्डा अख्खा निघायला हवा. मुळं तपकिरी होऊन गोल फिरलेली असतील किंवा कळी आली असेल तर रोप जुनं झालंय. ते जगेल, पण खुजं राहील. पानं उलटी करून झटका, पांढरं काही उडालं तर ती ट्रे नको. थंडीत पानांची मागची बाजू जांभळट दिसते, ती बहुधा थंडीने स्फुरद (फॉस्फरस) उचललं न गेल्याची खूण असते. आणलेली रोपं शेडनेटची सवय घेऊन आलेली असतात, म्हणून तीन-चार दिवस अर्ध्या उन्हात ठेवून मगच लावा. घरच्या रोपालाही शेवटचा आठवडा पाणी थोडं कमी आणि ऊन वाढतं द्यायचं असतं.

यापुढे दोन्ही रोपं सारखीच. लावणी ऊन उतरल्यावर करा. खालची पानं खुडून खोड बीजपत्रांपर्यंत, म्हणजे बीतून आलेल्या पहिल्या दोन पानांपर्यंत मातीत गाडा, तिथूनही मुळं फुटतात; काटकुळ्या रोपाला तर हाच इलाज. काळी माती असेल तर पावसाळ्यात गादीवाफाच, म्हणजे उंच केलेला वाफाच हवा. कुंडी वीस लिटरची, अंतर दीड-दोन फूट, आणि पाच फुटी बांबू त्याच दिवशी रोवा, नंतर रोवला तर मुळं तुटतात. तंबाखू मळणाऱ्या काकांनी साबणाने हात धुऊनच रोपाला हात लावावा, कारण मोझॅकचा विषाणू तंबाखूतून हातावर येऊ शकतो.

तिसरा रस्ता फारसा कोणी वापरत नाही. वाढत्या झाडाच्या पानाच्या बेचक्यात येणारा वीतभर फुटवा कापून ओल्या कोकोपीटमध्ये सावलीत खोवला की आठ-दहा दिवसांत मुळं धरतो, आणि बियाच्या रोपापेक्षा लवकर फुलावर येतो. बोकड्या आलेल्या झाडाचा फुटवा मात्र घेऊ नये, रोग त्याच्याबरोबरच येतो.