होम लोनचा चार वर्षांचा रिव्ह्यू: हप्ता वाढला चौदाशेने, मुदत वाढली दहा वर्षांनी

रेटिंग आधीच देऊन टाकतो, पाचपैकी अडीच. लोन मिळेपर्यंतची सर्व्हिस साडेचार, मिळाल्यानंतरची अर्धा, त्याची सरासरी धरा. बँकेचं नाव लिहीत नाही, कारण कंपनीतल्या तिघांची तीन वेगळ्या बँकांत लोनं आहेत आणि तिघांचंही थोड्याफार फरकाने हेच झालंय. नाव टाकलं की लोक म्हणणार आमची बँक वेगळीये, आणि स्वतःचं स्टेटमेंट काही उघडणार नाहीत.

तर सप्टेंबर २०२१. नाशिकला पाथर्डी फाट्याला टू बीएचके घेतला, ॲग्रीमेंट ३५ लाखाचं. मी अंबड एमआयडीसीत कामाला, त्याआधी सिडकोत नऊ हजार भाड्याने राहत होतो आणि घरी रोज एकच विषय, भाडं भरण्यापेक्षा हप्ता भरलेला बरा. बिल्डरच्या ऑफिसातच बँकेचा माणूस बसलेला असायचा, प्रोजेक्ट आधीच अप्रूव्ह होता, कागदपत्रं दिली आणि नवव्या दिवशी सँक्शन लेटर हातात. खरंच सांगतो, तेव्हा कुणी रिव्ह्यू विचारला असता तर पाच स्टार दिले असते. मुलगा घरी येऊन सह्या घेऊन गेला, वर चहाही घेतला नाही.

पहिला झटका लोनचा नाही, लोनच्या बाहेरचा होता. स्टॅम्प ड्युटी ५ टक्के आणि महापालिका हद्द म्हणून वरचा १ टक्का असे २ लाख १० हजार, रजिस्ट्रेशन ३० हजार, आणि बिल्डिंगचं कम्प्लिशन सर्टिफिकेट यायचं होतं म्हणून १ टक्का जीएसटी ३५ हजार. म्हणजे पावणेतीन लाख, आणि यातल्या एका रुपयालाही बँकेने लोन दिलं नाही, सगळं खिशातून. (फ्लॅट फक्त बायकोच्या नावावर केला असता तर स्टॅम्प ड्युटीत १ टक्का सूट होती, ते आम्हाला रजिस्ट्री झाल्यावर शेजाऱ्यांनी सांगितलं. ३५ हजार गेले. बायको अजून काढते.) प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, नोटीस ऑफ इंटिमेशन (घर तारण असल्याची सरकारी नोंद) हे वेगळंच.

मग विमा. मला लागत होते २७ लाख ३८ हजार. लेटरवर आले २८ लाख. विचारलं तर म्हणे सर त्यात ६२ हजाराचा लोन प्रोटेक्शनचा प्रीमियम ॲड केलाय, तुम्हाला वेगळं काही भरायचं नाही. मला ते चांगलंच वाटलं की, वेगळं काही भरायचं नाही! आता कळतं की त्या ६२ हजारावर पण वीस वर्षं व्याज चालू आहे, महिन्याला ४७७ रुपये पडतात, म्हणजे तो विमा मला जवळजवळ १ लाख १४ हजाराला पडला. हा विमा सक्तीचा नसतो, साधा टर्म प्लॅन बाहेरून घेता येतो, पण सह्या करायच्या दिवशी ‘याशिवाय फाईल पुढे जात नाही’ असं कानावर आलं की कोण वाद घालणार.

रेट होता ६.९० टक्के. रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या रेटने बँकांना पैसे देते तो, ४ आणि वर बँकेचा स्वतःचा वाटा म्हणजे स्प्रेड २.९०. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या नव्या फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या रेटच्या होम लोनला असा बाहेरचा बेंचमार्क (रेपोसारखा, बँकेच्या हातात नसलेला रेट) लावावाच लागतो आणि तीन महिन्यांतून एकदा तरी त्याप्रमाणे आपला रेट रीसेट होतो, हे माहीत होतं मला, म्हणजे वाचलं होतं. हप्ता २१,५४१, २४० महिने. गुणाकार केला तर २८ लाखाचे ५१ लाख ७० हजार होत होते, ते बघून पोटात गोळा आला होता पण म्हटलं सगळेच भरतात.

मे २०२२ पासून रेपो वाढायला लागला, ४ चा फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा झाला. मला इंग्लिशमध्ये मेसेज यायचे, तुमचा रेट रिवाइज झाला वगैरे. हप्ता मात्र तेवढाच कापला जायचा त्यामुळे मी निवांत. कंपनीत कुणी म्हणालं की व्याज वाढलं तर मी म्हणायचो आमच्या बँकेने नाही बुवा वाढवलं. केवढा शहाणा! मार्च २०२३ मध्ये हप्ता २२,९५६ झाला. चौदाशे रुपये वाढले, म्हटलं ठीक आहे, पेट्रोलचं पण तेवढंच वाढलंय.

हे सगळं उघडं पडलं ते बाबांमुळे. बाबा निफाडला असतात, थोडी द्राक्षबाग आहे, आयुष्यभर विकास सोसायटीचं कर्ज घेतलं आणि फेडलं. २०२३ च्या डिसेंबरात नाशिकला आले होते, जेवताना सहज विचारलं, काय रे, मुद्दल किती फिटलं? मला उत्तरच देता येईना. हप्ता किती ते माहीत, रेट किती ते माहीत, मुद्दल किती फिटलं ते कधी बघितलंच नव्हतं. ताटावरून उठून ॲपमधून स्टेटमेंट काढलं.

२७ हप्ते गेले होते. एकूण भरलेले ५ लाख ९५ हजार. मुद्दल फिटलं होतं ८७ हजार. बाकी ५ लाख ८ हजार व्याज. बाबांनी चष्मा लावून दोनदा बघितलं आणि म्हणाले हे तर आमच्या नवं-जुनं सारखंच झालं की, मार्च आला की व्याज भरायचं आणि कर्ज तिथल्या तिथं. मी हसलो, पण खाली एक ओळ होती ती वाचून हसू गेलं. शिल्लक हप्ते: ३३३. मी म्हटलं २४० मधून २७ गेले म्हणजे २१३ पाहिजेत, हे चुकलंय. चुकलं नव्हतं. रेट ९.४० झाल्यावर सिस्टीमने मुदत २० वर्षांवरून ३० वर्षांवर नेली होती, आणि तरीही बसेना म्हणून वरचे चौदाशे वाढवले होते. शेवटचा हप्ता २०५१ मध्ये. तेव्हा मी ६४ वर्षांचा असेन, कंपनीत रिटायरमेंट ५८ ला आहे.

आता यातलं गणित सांगतो. मार्च २०२३ ला माझं मुद्दल होतं सुमारे २७ लाख २९ हजार, त्यावर ९.४० ने एका महिन्याचं व्याज २१,३७६. आणि जुना हप्ता २१,५४१. म्हणजे जुनाच हप्ता ठेवला असता तर मुद्दलात जाणार होते १६५ रुपये. एकशे पासष्ट! २८ लाखाच्या कर्जात महिन्याला एक साधी थाळी फिटणार. पुढे हा आकडा वाढत जातो, तरी तशा स्पीडने कर्ज फिटायला बावन्न वर्षं लागतात, म्हणून मग ३० वर्षांत बसवलं. मूळच्या २० वर्षांतच ठेवायचं तर हप्ता २५,९२७ करावा लागला असता. म्हणजे महिन्याला २,९७१ जास्त. आणि ते न केल्याने शेवटपर्यंतचा एकूण खर्च ६१ लाख ४८ हजाराच्या जागी ८२ लाख ४० हजार होत होता. तीन हजाराचा त्रास वाचवायला जवळपास एकवीस लाख, आणि हा सौदा माझ्या वतीने कुणीतरी करून टाकला, मला न विचारता.

बँकेत गेलो तर मॅडम चांगल्या होत्या, त्यांचा दोष नाही, पण उत्तर काय तर सर कस्टमरला हप्ता वाढलेला आवडत नाही म्हणून आपोआप मुदतच वाढते. बरं, मेसेजमध्ये मुदतीबद्दल एक अक्षर नव्हतं. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावरच सर्क्युलर काढलेलं आहे, रेट रीसेट होताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, की (तेव्हाच्या नियमाप्रमाणे) फिक्स्ड रेटला जायचं, हे ग्राहकाला विचारायचं, आणि दर तीन महिन्यांनी मुद्दल किती, व्याज किती, हप्ते किती राहिले याचं स्टेटमेंट द्यायचं किंवा बघायला ठेवायचं. जुन्या लोनलाही ते लागू आहे, त्यासाठी बँकांना डिसेंबर २०२३ अखेरची मुदत होती. मी मोबाईलवर ते दाखवल्यावर मॅडमनी फॉर्म काढून दिला. फॉर्म होता त्यांच्याकडे! ड्रॉवरमध्ये.

जानेवारी २०२४ ला तीन गोष्टी केल्या. पहिली, बाबांनी बागेचे २ लाख दिले ते मुद्दलात भरले. फ्लोटिंग होम लोनला पार्ट पेमेंटचा चार्ज नसतो, तसा काही लागलाही नाही. इथे एक जागा आहे जिथे लोक फसतात, काऊंटरवर विचारतात हप्ता कमी करायचा का मुदत, किंवा विचारतच नाहीत आणि हप्ता कमी करून टाकतात. मी मुदत लिहून दिलं. नुसत्या त्या २ लाखाने ३३३ चे २५० हप्ते झाले. ८३ हप्ते म्हणजे जवळपास सात वर्षं, म्हणजे १९ लाख. मला खरं वाटेना म्हणून मी मॅडमना परत करायला लावलं, तेवढेच आले.

दुसरी, स्प्रेड. बाहेर बोर्डवर नवीन ग्राहकाला माझ्यापेक्षा एक टक्का कमी रेट लिहिलेला आणि मी जुना म्हणून ९.४०. हे बघून डोकं फिरलं. बॅलन्स ट्रान्सफर करतो म्हटल्यावर २,३६० रुपये कन्व्हर्जन फी (रेट बदलायची फी) घेऊन ८.९० केला. नवीन ग्राहकाइतका नाहीच, पण दुसऱ्या बँकेत गेलो असतो तर परत प्रोसेसिंग, परत सर्च रिपोर्ट, परत नोटीस, म्हणून घेतला. ट्रान्सफरचं नाव काढल्याशिवाय रेट कमी होत नाही, हे लक्षात ठेवा.

तिसरी, हप्ता स्वतःहून २६,००० केला. जड गेलं. त्या वर्षी गाडी बदलायची होती ती राहिली, बायकोने घरी ट्यूशन सुरू केल्या. पण या तिन्हींनी मिळून शेवटचा हप्ता २०५१ वरून २०३८ वर आला आणि एकूण खर्च ८२ लाखांवरून ५२ लाखांच्या आसपास.

कंपनीतला एक मित्र म्हणतो तू वेडा आहेस, होम लोन सगळ्यात स्वस्त कर्ज, जास्तीचे पैसे एसआयपीत टाक, आणि शिवाय टॅक्स वाचतो. एसआयपीचं त्याचं म्हणणं चुकीचं नाही, ज्याला झोप लागते त्याने करावं. टॅक्सचं मात्र नीट बघा, राहत्या घराच्या व्याजाची २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या रिजीममध्येच मिळते, नव्या रिजीममध्ये नाही, आणि आता काही निवडलं नाही तर नवीनच लागते. आमच्या डिपार्टमेंटमधले निम्मे लोक नवीनमध्ये आहेत आणि तरी म्हणतात लोनमुळे टॅक्स वाचतो. शिवाय २ लाख वजावट म्हणजे २ लाख वाचले असं नसतं, वीस टक्क्यांच्या स्लॅबला चाळीस हजार नि वर थोडा सेस वाचतो, आणि त्यासाठी २ लाख व्याज आधी भरलेलं असतं.

विम्याचं अजून एक राहिलं. ते कव्हर घटतं आहे, मूळच्या २० वर्षांच्या शेड्यूलप्रमाणे. पण माझं मुद्दल त्या शेड्यूलप्रमाणे घटलंच नव्हतं, त्यामुळे मध्ये दीड-पावणेदोन वर्षं विमा कर्जापेक्षा कमी होता, आणि मुदत ३० वर्षं झालेली असताना विमा विसाव्याच वर्षी संपणार होता. हे कुणीच सांगितलं नाही, मीही पॉलिसी गोदरेजच्या कपाटातून पहिल्यांदा तेव्हाच काढली.

घरपट्टी आणि मेंटेनन्स मी या हिशोबात धरलेलं नाही. नव्या बिल्डिंगला घरपट्टी जुन्या फ्लॅटवाल्यांपेक्षा बरीच जास्त बसते, ते बिल बघून पण एकदा भांडण झालंय घरात.

नवीन लोन घेणाऱ्यांना एक बरं झालंय, ऑक्टोबर २०२४ पासून बँकेला ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ (लोनच्या मुख्य गोष्टींचा कागद) द्यावंच लागतं, त्यात सगळे चार्जेस धरून वर्षाचा खरा रेट आणि हप्त्यांचं पूर्ण शेड्यूल असतं. बिल्डरच्या ऑफिसात सही करू नका, ते घरी आणा आणि शेड्यूलचं शेवटचं पान बघा. आणि वर्षातून दोनदा ‘शिल्लक हप्ते’ ही एकच ओळ बघा, बाकी काही नाही बघितलं तरी चालेल.

२०२५ मध्ये रेपो खाली आला, फेब्रुवारीपासून डिसेंबरपर्यंत ६.५० चा ५.२५ झाला. हप्ता तसाच ठेवा म्हणून मी लेखी दिलं, सहीशिक्क्याची पोच घेतली. २०२३ च्या मार्चात हप्त्यातले १,५८० मुद्दलात जात होते, दिवाळीपर्यंत साडेदहा हजार जायला लागले. बाबा दिवाळीला आले तेव्हा मी स्टेटमेंट आधीच काढून ठेवलं होतं. २३ लाख २८ हजार बाकी, १३६ हप्ते. त्यांनी चष्मा लावला, वाचलं, आणि म्हणाले, यंदा पाऊस लांबला, बागेचं काही खरं नाही, पण जमलं तर अजून पन्नास देतो.