डेस्कटॉप प्रोग्रामला नेट जोडायचंय: लिबकर्ल, क्यूटी नेटवर्क की विनएचटीटीपी?

प्रोग्राम तयार आहे, आता त्याला सर्व्हरवरून काहीतरी आणायचंय, अपडेट आलंय का बघायचंय नाहीतर एखादी फाइल वर पाठवायचीय. सॉकेट उघडण्यापासून सगळं स्वतः लिहीत बसायची हौस कोणाला नसते (टीएलएस, म्हणजे जोडणी सांकेतिक करून सुरक्षित ठेवणारा भाग, तर स्वतः लिहूच नका), मग तयार लायब्ररी शोधायची, विंडोजवर असाल तर डीएलएल, लिनक्सवर असाल तर एसओ फाइल. पर्याय ढीगभर आहेत पण फिरून फिरून लिबकर्ल, क्यूटी नेटवर्क आणि विनएचटीटीपी हीच तीन नावं पुढे येतात.

लोक यांची तुलना स्पीडवर करतात ते मला काही पटत नाही. चार जेसॉन रिक्वेस्टसाठी तिघंही सारखेच, वेळ खातं ते नेटवर्क. मी आधी एवढंच विचारतो की प्रोग्राम लोकांच्या मशीनवर गेला आणि दोन वर्षांनी त्या लायब्ररीत सिक्युरिटीचं भोक सापडलं तर ती फाइल बदलणार कोण?

विनएचटीटीपीमध्ये याचं उत्तर सगळ्यात सोपं, मायक्रोसॉफ्ट बदलणार. डीएलएल विंडोजमध्येच असते, सोबत काही द्यायचं नाही, सर्टिफिकेटं (सर्व्हर खरा आहे हे तपासायला लागतात ती) विंडोजच्या स्टोअरमधली, टीएलएस विंडोजचं, सगळं विंडोज अपडेटबरोबर ताजं होतं. एपीआय (म्हणजे वापरायची फंक्शन्स) मात्र कंटाळवाणा आहे, एका साध्या 'गेट'साठी, म्हणजे सर्व्हरकडून काही आणायच्या रिक्वेस्टसाठी, सेशन उघडा, कनेक्शन उघडा, रिक्वेस्ट उघडा, पाठवा, उत्तराची वाट बघा, मग तुकड्यातुकड्यांनी वाचा आणि शेवटी तिन्ही हँडल आठवणीने बंद करा. विनआयनेट ही त्याचीच जुनी बहीण, इंटरनेट एक्सप्लोररच्या काळातली, ती समोर बसलेला माणूस गृहीत धरते, कुकी, कॅशे, पासवर्डची खिडकी सगळं स्वतः सांभाळते, पण विंडोज सर्व्हिसमध्ये ती वापरायची नाही असं मायक्रोसॉफ्टनेच सांगून ठेवलंय. एफटीपी (फाइल पाठवायचा जुना प्रोटोकॉल) हवं असेल तर विनएचटीटीपीत ते नाहीच. आणि उद्या मॅक किंवा लिनक्सवर जायचं म्हटलं की सगळं परत लिहा.

क्यूटी नेटवर्क. क्यूटी म्हणजे खिडक्या-बटणांचे प्रोग्राम लिहायची मोठी लायब्ररी, हा तिचा नेटवर्कचा भाग. तुमचा प्रोग्राम आधीच क्यूटीत असेल तर फार डोकं खाजवू नका, हेच घ्या. रिक्वेस्ट सोडायची, सिग्नल आला की स्लॉटमध्ये (त्या सिग्नलला जोडलेल्या फंक्शनमध्ये) उत्तर वाचायचं, खिडकी अडकत नाही, वेगळा थ्रेड लागत नाही. पण केवळ नेटवर्कसाठी क्यूटी आणू नका, ते म्हणजे एका पोस्टकार्डासाठी ट्रक बोलावण्यासारखं आहे. लायसन्सचंही बघून ठेवा, एलजीपीएल (मोकळं, पण अटी असलेलं लायसन्स) असल्यामुळे डीएलएल वेगळी ठेवणं सोयीचं पडतं, स्टॅटिक लिंक केलंत, म्हणजे लायब्ररी एक्झीतच मिसळलीत, तर जबाबदाऱ्या वाढतात.

इथे माझी एक फजिती सांगतो. क्यूटी 5 चा प्रोग्राम, माझ्याकडे झकास चालायचा, दुसऱ्याच्या मशीनवर फक्त 'टीएलएस इनिशियलायझेशन फेल्ड'. अर्धा दिवस मी त्याच्या फायरवॉलला शिव्या घालत होतो. निघालं काय, तर क्यूटी 5 विंडोजवर ओपनएसएसएल या टीएलएसच्या लायब्ररीच्या दोन डीएलएल चालू होताना शोधतं, पॅकेज करणारं टूल त्या कॉपी करत नाही, आणि माझ्या मशीनवर त्या भलत्याच प्रोग्रामने पाथमध्ये (विंडोज डीएलएल शोधतं त्या फोल्डरांच्या यादीत) आणून टाकलेल्या होत्या! क्यूटी 6.2 पासून टीएलएस प्लगइनमध्ये गेलंय आणि विंडोजच्या स्वतःच्या टीएलएसवर, म्हणजे एसचॅनलवर, चालणारं प्लगइनही आहे, पण हाताने पॅकेज करताना तो 'टीएलएस' नावाचा फोल्डर राहिला तर पुन्हा तीच रड. आणि ओपनएसएसएलच निवडलंत तर ती ताजी ठेवणं तुमच्या गळ्यात, 1.1.1 चा मोफत सपोर्ट सप्टेंबर 2023 मध्येच संपला.

आता लिबकर्ल. डॅनियल स्टेनबर्ग यांचं कर्ल 1998 मध्ये त्या नावाने आलं, लायब्ररी 2000 मध्ये, आणि आज एचटीटीपीपासून एफटीपी, एसएफटीपी, मेलपर्यंत पंचवीसच्या वर प्रोटोकॉल त्यात आहेत. लायसन्स एमआयटीसारखं मोकळं. मला यातली सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे लिनक्सवरचं तिचं नाव 2006 पासून लिबकर्ल डॉट एसओ डॉट 4 हेच आहे, म्हणजे खालची फाइल नवी आली तरी जुना प्रोग्राम तसाच चालतो, आणि डिस्ट्रोचं (उबुंटूसारख्या लिनक्सच्या संचाचं) पॅकेज वापरलंत तर ती बदलायचं कामही डिस्ट्रोचं.

विंडोजवर गोष्ट वेगळी. तिथे डीएलएल तुम्ही एक्झीच्या शेजारी ठेवता, विंडोज आधी तिथेच बघतं, म्हणजे तुम्ही बदलेपर्यंत तीच जुनी फाइल चालत राहणार. ऑक्टोबर 2023 मध्ये सॉक्स प्रॉक्सीच्या (प्रॉक्सी म्हणजे नेट ज्यातून जातं तो मधला सर्व्हर) कोडमधलं गंभीर भोक 8.4.0 मध्ये बुजवलं, तेव्हा ज्यांनी फाइल सोबत दिली होती त्यांना नवा इन्स्टॉलर काढावा लागला. विंडोज 10 मध्ये कर्ल आलंय ना, मग? आलंय, पण ती कमांड आहे, तुम्हाला लिंक करायला डीएलएल त्यात नाही.

दुसरा काटा सर्टिफिकेटचा. ओपनएसएसएलवर बांधलेली डीएलएल घेतली आणि सर्टिफिकेटांची पेम फाइल द्यायला विसरलात की एरर 60 (सर्टिफिकेट तपासता आलं नाही) येतो, मग कोणीतरी नेटवर वाचून व्हेरिफाय, म्हणजे ही तपासणीच, बंद करून टाकतो आणि चाललं म्हणून खूश होतो. असं करू नका हो, त्यापेक्षा एसचॅनलवर बांधलेली डीएलएल घ्या, ती विंडोजचंच स्टोअर वाचते. आणि लिबकर्लचा साधा ईझी इंटरफेस उत्तर येईपर्यंत थांबून राहतो, बटणाच्या क्लिकमध्ये टाकलात तर खिडकी पांढरी पडून 'नॉट रिस्पॉन्डिंग', तेव्हा वेगळा थ्रेड नाहीतर न थांबणारा मल्टी इंटरफेस.

ऑफिसात चालणारा प्रोग्राम असेल तर प्रॉक्सी विसरू नका. विनआयनेट युजरची सेटिंग आपोआप घेतं, विनएचटीटीपीला विंडोज 8.1 पासून एक फ्लॅग दिला की जमतं, क्यूटीला एका ओळीत सांगता येतं, लिबकर्ल मात्र विंडोजची प्रॉक्सी सेटिंग वाचतच नाही, ती तुम्ही शोधून द्यायची.

जीटीकेवाल्यांसाठी (ही खिडक्या-बटणांची आणखी एक लायब्ररी, मुख्यतः लिनक्सवरची) लिबसूप ही नेटवर्कची लायब्ररी आहे, फक्त तिची 2 आणि 3 आवृत्ती एकाच प्रोसेसमध्ये आली की प्रोग्राम तिथल्या तिथे बंद पडतो, तेव्हा बाकीच्या लायब्ऱ्या कुठली ओढतायत ते आधी एलडीडी ही कमांड मारून बघा.

मी स्वतः आता फक्त विंडोजचं काम असेल तर कुरकुरत का होईना विनएचटीटीपी घेतो, दोन-तीन सिस्टिम असतील तर लिबकर्ल, आणि काहीही घेतलं तरी कंपायलर, टूल काहीच नसलेल्या कोऱ्या व्हर्च्युअल मशीनवर एकदा चालवल्याशिवाय इन्स्टॉलर कोणाला देत नाही.