जॅझ सिंगरच्या सेटमधली तिसरी डिस्क: नाट्यसंगीतवाल्यांनी बघाच

'द जॅझ सिंगर' या जुन्या अमेरिकन बोलपटाचा २००७ साली निघालेला ३ डीव्हीडींचा सेट भाच्यानं अमेरिकेहून आणून दिला. मेन पिक्चरबद्दल सगळेच लिहितात, मला तिसऱ्या डिस्कबद्दल लिहायचंय. तिच्यात साडेतीन तासांच्या वर नुसत्या व्हिटाफोन शॉर्ट फिल्म्स आहेत, म्हणजे १९२६ पासून वॉर्नर या फिल्म कंपनीवाल्यांनी स्टेजवरच्या गायक-नाच्यांना स्टुडिओत बोलावून त्यांचे आयटम जसेच्या तसे शूट केले ते.

आवाज फिल्मवर नसायचा, १६ इंची तबकडीवर वेगळा असायचा आणि एक तबकडी साधारण १० मिनिटं चालायची, त्यामुळं आयटमही तेवढाच. पुढं फिल्म एकीकडं, तबकडी दुसरीकडं असं झालं आणि कित्येक मुके पडले. १९९१ ला व्हिटाफोन प्रोजेक्ट म्हणून काही संग्राहक एकत्र आले, जोड्या जुळवायला लागले, त्यांचे उपकार मानावे तेवढे थोडेच.

कॅमेरा फारसा हलत नाही. काहींना कंटाळा येईल, मला तेच लई आवडलं, कारण मधे कुणी कट मारून गाणाऱ्याचा चेहरा पळवत नाही, हुतात्मा स्मृती मंदिर नाट्यगृहात पुढच्या रांगेत बसल्यासारखं पूर्ण माणूस दिसतो. बेबी रोझ मेरी बघा, १९२९ चं आहे, जेमतेम पाच-सहा वर्षांची पोर आणि आवाज असा भरदार की आमचे दादा खुर्चीतनं पुढं सरकून बसले. जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन या विनोदी जोडीच्या 'लॅम्बचॉप्स'मध्ये ग्रेसी आल्या आल्या खोलीत काहीतरी शोधत फिरते, सगळीकडं डोकावते, जॉर्ज विचारतो काय शोधतेस, तर म्हणे प्रेक्षक! मग तो कॅमेऱ्याकडं बोट दाखवतो. स्टेजवरच्या माणसाला समोर पब्लिक नसलं की काय होतं ते इथं कळतं. 'रूफ गार्डन रिव्ह्यू'त कोरसचा नाच आहे, तो मात्र जरा मोठ्या टीव्हीवर बघा.

बघताना जीव हळहळतो हो. 'मानापमान' नाटक १९११ चं, तेव्हा बोलपट कुठला, आणि 'धर्मात्मा' पिक्चर येईपर्यंत १९३५ उजाडलं, त्यातही बालगंधर्व एकनाथांच्या भूमिकेत. 'मानापमान'मधली त्यांची ऐन भरातली भामिनी अशी दहा मिनिटं जरी सलग मिळाली असती तर!

इंग्रजी भरभर बोलतात, विनोद निम्मे सुटतात, गाणी-नाचाला अडत नाही. खरखर आहे, हेडफोन नको, स्पीकरवर लावा. आणि एका बैठकीत तीन-चारच बघा, सलग बघितलं की सगळं सारखं वाटायला लागतं.