चिपीचं विमान : 2024 सालात काय आलं, काय गेलं

चिपी म्हणजे सिंधुदुर्गचा विमानतळ. तिथल्या विमानसेवेत 2024 साली एका हाताने मिळालं आणि दुसऱ्या हाताने गेलं. मार्चमध्ये फ्लाय91 ही गोव्याची नवी कंपनी उडायला लागली. 18 मार्चला, म्हणजे पहिल्याच दिवशी, तिने बेंगळुरू–सिंधुदुर्ग विमान सोडलं. 31 ऑगस्टपासून शनिवार-रविवारी पुणे–सिंधुदुर्ग सुरू झालं. आणि ऑक्टोबरमध्ये अलायन्स एअरचं मुंबईचं विमान बंद पडलं. 9 ऑक्टोबर 2021 ला चिपीचं उद्घाटन झालं ते याच विमानाच्या जोरावर. छोट्या विमानतळांसाठीच्या केंद्राच्या उडान योजनेत मार्गाला सरकारी आधार होता तो तीन वर्षांचा, आणि ती मुदत भरली होती. बेंगळुरूचं विमान कौतुकाचं खरं, पण परळ-भांडुपहून गावाला निघणाऱ्या चाकरमान्याला त्याचा काय उपयोग?

पुण्याचं विमान मात्र कामाचं. सुरुवातीचं वेळापत्रक असं होतं: पुण्याहून 8.05, चिपीला 9.10, परत 9.30, पुण्यात 10.35. घाट आणि खड्डे धरून रस्त्याने जिथे आख्खा दिवस मोडतो, तिथे दुपारचं जेवण घरी. पण या वेळापत्रकातली मधली 20 मिनिटं नीट बघा. तेवढ्यात माणसं उतरवायची, सामान काढायचं, नवी माणसं चढवायची. शिवाय हेच विमान तेव्हा सकाळी गोव्याहून पुण्याला यायचं. पुण्याच्या लोहगाव विमानतळाची धावपट्टी हवाई दलाची, त्यामुळे तिथे उशीर झाला तर तो भरून काढायला वाव नाही. चिपीहून परतताना पुण्यात पुढचं विमान पकडायचं असेल तर मध्ये निदान चार तास ठेवा, आणि दोन्ही तिकिटं वेगळ्या कंपन्यांची असतील तर तेही कमीच समजा.

विमान एटीआर 72-600, पंख्याचं, सत्तरच्या आसपास आसनं, एका रांगेत दोन-दोन. मधलं आसन कुणाच्याच वाट्याला येत नाही. प्रवाशांचा दरवाजा मागे आणि सामानाचा कप्पा पुढे, त्यामुळे मागच्या रांगेतला आधी उतरतो. पंखे पुढच्या भागात, तेव्हा आवाजाचा त्रास होत असेल तर शेवटच्या चार-पाच रांगा घ्या. पंख वर असल्याने खिडकीतून खालचं सगळं दिसतं. डोक्यावरचे कप्पे लहान, चाकांची कडक बॅग बहुतेक वेळा त्यात मावत नाही. ती शिडीपाशी काढून घेतात आणि उतरल्यावर परत देतात. म्हणून औषधं, दागिने, चार्जर वेगळ्या पिशवीत.

विमान जमिनीवर असताना आत उकडतं, याची तक्रार सगळेच करतात. जेटच्या शेपटीत एक छोटं जादा इंजिन असतं, ते उभ्या विमानात गारवा देतं. एटीआरला ते नाहीच. त्याऐवजी उजवं इंजिन पंखा ब्रेकने अडवून चालू ठेवतात आणि त्याच्यावर एसी चालवतात. मे महिन्यात चिपीच्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, उभ्या असलेल्या विमानाला ते पुरत नाही. उडालं की पाच-दहा मिनिटांत बरं वाटतं. उंची साधारण 17 ते 20 हजार फूट, म्हणजे जेटच्या निम्म्यावर. त्यामुळे वळवाचे ढग चुकवता येत नाहीत, हादरे बसतात. घाबरण्यासारखं काही नाही, फक्त चहा अर्धा कपच घ्या.

खरी गोची पावसात. धावपट्टी अडीच किलोमीटर लांब, एटीआरला याच्या निम्मी पुरते. लांबीचा प्रश्नच नाही. प्रश्न दिसण्याचा. उतरणं वैमानिकाच्या डोळ्यांवर अवलंबून असेल तर नियमाने 5 किलोमीटर स्पष्ट दिसावं लागतं. सड्यावर ढग टेकला की समोरचं कुंपण दिसत नाही, तिथे 5 किलोमीटर कुठून आणणार? विमान घिरट्या घालतं आणि परत जातं. हवामानामुळे रद्द झालं तर नुकसानभरपाई मिळत नाही. पूर्ण परतावा किंवा दुसरं विमान, एवढाच हक्क. कंपनीच्या कारणाने ऐनवेळी रद्द झालं तर गोष्ट वेगळी: तासाभरापर्यंतच्या प्रवासाला 5,000 आणि एक ते दोन तासांच्या प्रवासाला 7,500 रुपये, किंवा मूळ भाडं अधिक इंधन आकार, यातलं जे कमी ते. म्हणून काउंटरवर रद्द होण्याचं कारण लेखी मागा.

जून ते सप्टेंबर चिपीच्या भरवशावर लग्न, बारसं, कोर्टाची तारीख ठेवू नये. रेल्वेही अगदी बिनघोर नाही. जुलै 2024 मध्ये पेडण्याच्या बोगद्यात पाणी आलं आणि कोकण रेल्वे अडली.

मुंबईकरांनी सरळ उत्तर गोव्यातला मोपा विमानतळ धरावा. बांदा तिथून हाकेवर, सावंतवाडी अर्ध्या-पाऊण तासात, कुडाळ सव्वा तासात. विमानं दिवसाला भरपूर आणि एक चुकलं तर दुसरं आहे, हे चिपीत नाही. गोव्यात विमानतळ दोन, म्हणून तिकीट काढताना मात्र कोड बघा: मोपा जीओएक्स, दक्षिणेकडचा दाभोळी जीओआय. नुसतं ‘गोवा’ बघून स्वस्तातलं घेतलं आणि दाभोळीला उतरलात, तर वाचलेले पैसे टॅक्सीवाल्याला द्याल.

चिपीहून मालवण नकाशावर समोर दिसतं, पण मध्ये कर्ली नदी आहे, गाडी वळसा घेऊन जाते. टर्मिनलबाहेर गाड्या मोजक्या, विमान आलं की एकदम पळतात. आदल्या दिवशी गाडी सांगून ठेवा आणि भाडं तेव्हाच ठरवा.

सामान साधारण 15 किलो चेक-इन आणि 7 किलो हातात. आंब्याची पेटी चेक-इनमध्ये चालते, पण पेंढ्याची लाकडी नको. पुठ्ठ्याची, हवेला भोकं असलेली घ्या आणि आढीतला पिकलेला नको, कडक आंबा भरा. कोकमाच्या आगळाच्या बाटलीचं झाकण टेपने बांधून ती दोन पिशव्यांत. सुकट-बोंबील हवाबंद नसेल तर काउंटरवर अडवतात आणि ते बरोबरच आहे. सुकं खोबरं मात्र हातात किंवा चेक-इनमध्ये, कुठेच नेऊ नका, त्यातल्या तेलामुळे ते ज्वालाग्राही मालात धरतात. अख्खा नारळही एरवी हातात नेता येत नाही. 2024 च्या मोसमात ती सवलत शबरीमलाच्या यात्रेकरूंना मिळाली, तीही 20 जानेवारी 2025 पर्यंतच. गावचे नारळ सोलून चेक-इनमध्ये टाका.