नवा एक्स्ट्रॅक्टर, जुनाच ओरखडा

.22 चं सेमी-ऑटोमॅटिक पिस्तूल दुरुस्तीला टाकणार असाल तर आधी जॅम झालेल्या पुंगळ्या (गोळी सुटल्यावर उरणाऱ्या काडतुसाच्या रिकाम्या नळ्या) डबीत भरून जवळ ठेवा. मी ठेवल्या होत्या, म्हणून निदान आपल्याला कसं गंडवलं हे तरी कळलं.

मी 25 मीटर पिस्तूल खेळते. राही सरनोबतने 2018 च्या एशियाडमध्ये याच प्रकारात सोनं आणलं, त्यानंतर आमच्या कोल्हापुरात या खेळाकडे वळलेल्या मुलींपैकी मीही एक. पिस्तूल सेकंडहँड घेतलेलं, कागदपत्रं चोख. काही महिने छान चाललं आणि मग पुंगळ्या अडकायला लागल्या. कधी चेंबरमधून (काडतूस बसतं ती जागा) अर्धवट निघून बोल्टच्या (मागेपुढे सरकणारा भाग) तोंडात उभी राहायची (याला रेंजवर सगळे स्टोव्हपाइप म्हणतात), कधी बाहेर पडलीच तर लांब न उडता पायाशी टपकन पडायची. रॅपिड फेरीत टार्गेट 3 सेकंद दिसतं, 7 सेकंद जातं, असे पाच शॉट. त्यात पुंगळी अडकली की पिस्तूल टार्गेटच्याच दिशेला धरून मोकळा हात वर करायचा आणि रेंज ऑफिसरची वाट बघायची. चुकून स्वतः बोल्ट ओढलात तर जॅमची सवलत गेली. ती सवलतही मोजूनच मिळते.

आमच्याकडे या पिस्तुलांचं काम करणारं कुणी नाही, म्हणून एका मोठ्या शहरातल्या परवानाधारक दुकानात ते नेलं. शस्त्र कायद्याप्रमाणे दुरुस्ती करणाऱ्यालाही परवाना लागतो, तो भिंतीवर फ्रेममध्ये लावलेला होता. मालकांनी बोल्ट एकदा मागे ओढून सोडला, कानाशी धरल्यासारखं केलं आणि निकाल दिला, "मॅडम, एक्स्ट्रॅक्टर गेलाय. स्प्रिंगही. पार्ट जर्मनीहून मागवावा लागेल." (एक्स्ट्रॅक्टर म्हणजे पुंगळीची कड धरणारा छोटा आकडा.) एकही गोळी न झाडता, एकही पुंगळी न बघता. वर ऐकवलं, "आणि राग मानू नका, लेडीजचं मनगट जरा कच्चं असतं." हातात पकड ढिली असेल तर पिस्तूल अडू शकतं, हे खरं आहे. पण आमच्या क्लबातल्या एका पैलवान गड्याच्या हातातही ते तसंच अडत होतं. ते सांगितल्यावर त्यांनी विषय बदलला.

28,500 रुपये यूपीआयने घेतले. पक्की पावती मागितली तर साध्या चिठ्ठीवर "सर्व्हिस" असं लिहून दिलं. जुना पार्ट परत मागितला तर म्हणे भंगारात गेला. पिस्तूल देताना त्यांनी स्वतः मॅगझिन भरून माझ्यासमोर धडाधड दहा गोळ्या झाडल्या. एकही अडली नाही. पुंगळ्या पार भिंतीपर्यंत उडाल्या. चाचणीचा पुरावा म्हणून त्यातल्या चार-पाच मला पाकिटात घालूनही दिल्या. हा शहाणपणा त्यांच्याच अंगाशी आला.

रेंजवर येऊन माझी नेहमीची काडतुसं भरली आणि पहिल्याच मालिकेत पुंगळी उभी.

आमच्या क्लबात एक काका येतात, फौजेत आर्मरर, म्हणजे शस्त्रं दुरुस्त करणारे, होते. त्यांनी पिस्तुलाला हात लावायच्या आधी पाकिटातल्या पुंगळ्या उलट्या करून बुडावरचा ठसा बघितला. माझ्या मॅच काडतुसांचा ठसा वेगळा, यांचा वेगळा. दुकानदाराने हाय व्हेलॉसिटी काडतुसं झाडली होती. ती गोळी सेकंदाला साधारण 380 मीटरने सुटते, आमची स्टँडर्ड 330 च्या आसपास. जादा दाबाने आजारी पिस्तूलही बोल्ट मागे फेकतं आणि सगळं ठणठणीत दिसतं. टार्गेट पिस्तुलाला असली काडतुसं सोसतही नाहीत, ते वेगळंच.

मग काकांनी मॅगझिनमध्ये एकच काडतूस घालून झाडायला लावलं. शेवटच्या गोळीनंतर बोल्ट मागेच अडकून राहायला हवा. तो राहिला नाही. पुन्हा, पुन्हा तेच. "पोरी, एक्स्ट्रॅक्टर खराब असता तर पुंगळी सुटली असती, पण बोल्ट पूर्ण मागे गेला असता. हा अर्ध्यातच दमतोय. पुंगळी कुठंतरी घासतीय." .22 च्या या पिस्तुलात पुंगळीला मागे ढकलतो तो मुख्यतः स्फोटाचा दाबच. एक्स्ट्रॅक्टर तिची कड धरून ठेवतो आणि इजेक्टर नावाच्या खुंटीवर आपटून ती बाहेर उडते. आता पुंगळीच चेंबरला घासून निघत असेल तर जोर तिथंच संपतो.

माझ्या डबीतल्या पुंगळ्या त्यांनी टॉर्चखाली एका ओळीत लावल्या. प्रत्येकीच्या अंगावर, इजेक्टरच्या खुणेपासून तेवढ्याच अंतरावर, एक उभा बारीक चरा. चेंबरच्या तोंडाशी, काडतूस पेटवणारी फायरिंग पिन जिथं आपटते बरोबर तिथं, धातूचा कण आत दबून उभा राहिला होता. नखाला लागत होता. आधीच्या मालकाने रिकाम्या चेंबरवर ट्रिगर दाबून सराव केला असणार; .22 मध्ये पिन काडतुसाच्या कडेवर आपटते, काडतूस नसलं की चेंबरच्या कडेवर. काकांनी त्यांच्या पेटीतली निमुळती, गुळगुळीत पोलादी कांब चेंबरमध्ये घालून दाबत फिरवली. धातू काढला नाही, फक्त होता तिथं परत बसवला. चहा गार व्हायच्या आत काम झालं आणि चहाचे पैसेही त्यांनीच दिले.

राहिला तो जर्मन एक्स्ट्रॅक्टर. कोचना पाठवायला मी जॅमचे जवळून फोटो काढले होते. त्यात आकड्याच्या टोकाशी काळा रंग उडालेला एक तिरपा ओरखडा दिसतो. आत्ताच्या "नव्या" आकड्यावरही तो आहे. तिथंच, तसाच.

जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार घातली आहे. 5 लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथं फी नाही आणि 2 वर्षांच्या आत जाता येतं. यूपीआयची नोंद, फोटो, दोन्ही ठशांच्या पुंगळ्यांचे फोटो, "पार्ट आला मॅडम" हा त्यांचा व्हॉइस मेसेज, आणि ती चिठ्ठी. वकील म्हणाले चिठ्ठी सगळ्यात कामाची, कारण अक्षर त्यांचं आहे. नोटीस गेल्यावर दुकानातून फोन आला, अर्धे पैसे देतो, तक्रार मागे घ्या. मी जर्मनीहून पार्ट आल्याचं बिल मागितलंय.