मिठाची लादी: आठ महिने वापरल्यानंतर

लादी २० सेंटिमीटर लांब-रुंद आणि ४ सेंटिमीटर जाड आहे, वजन साडेतीन किलोच्या आसपास. गुलाबी सैंधवाची, म्हणजे शेंदेलोणाची. तापवून तिच्यावर पदार्थ भाजतात, नाहीतर थंड करून त्यावर पदार्थ ठेवून त्याला मीठ लावतात. आठ महिन्यांत तीसेक वेळा तापवून झाली, थंड त्याहून जास्त वेळा वापरली. निकाल आधीच सांगायचा तर, तव्याला पर्याय म्हणून घेत असाल तर घेऊ नका. थंड वापरासाठी घेत असाल तर जरूर घ्या.

नव्या लादीवर मिठाचा भुगा असतो. तो जावा म्हणून नळाखाली धरायची नाही. फडकं ओलं करून घट्ट पिळायचं, एक हात फिरवायचा आणि लादी जाळीवर उभी ठेवून पूर्ण एक दिवस वाळवायची. आत ओल राहिली तर पहिल्याच तापवण्यात तिची वाफ होते आणि तडा जातो.

तापवताना घाई अजिबात चालत नाही. गॅसवर सगळ्यात बारीक आच १५ मिनिटं, थोडी वाढवून आणखी १५, मग मध्यम. २०० अंशांपर्यंत यायला पाऊण ते एक तास लागतो आणि तेवढा द्यावाच. कारण मीठ लोखंडाच्या तिपटीहून जास्त प्रसरण पावतं. एवढी लादी २०० अंशांनी तापली की दीड मिलिमीटरहून थोडी जास्तच वाढते. खालची बाजू वाढलेली आणि वरची अजून गार, अशी ओढाताण झाली की ती तडकते. स्फटिक घनाकार असल्यामुळे तडाही बहुतेकदा काटकोनातच धावतो. इंडक्शनवर ती तापतच नाही. काचेच्या इलेक्ट्रिक शेगडीवर थेट ठेवू नये, मधे धातूची कडी ठेवून फट राखावी.

तापताना मधूनच ‘टक्’ असा आवाज येतो आणि तांदळाएवढा पापुद्रा उडतो. दगडातल्या मिठात खाऱ्या पाण्याचे सूक्ष्म थेंब कोंडलेले असतात, ते फुगून वाट काढतात. पहिला अर्धा तास लादीवर वाकून बघू नका, पापुद्रा डोळ्यात जाऊ शकतो. (१९९८ साली टेक्सासमधल्या मोनाहान्स गावात पडलेल्या अशनीतही मिठाचे स्फटिक सापडले. निळे-जांभळे, वय साडेचारशे कोटी वर्षांच्या घरात, आणि आत असेच पाण्याचे थेंब.)

तापमान मोजायला इन्फ्रारेड, म्हणजे अवरक्त किरणांवरून लांबूनच मोजणारा थर्मामीटर घेतलात तर फसाल. मीठ अवरक्त किरण बरेचसे आरपार जाऊ देतं, म्हणून तर प्रयोगशाळेतल्या काही उपकरणांना मिठाच्या स्फटिकाच्या खिडक्या बसवतात. त्यामुळे पडद्यावरचा आकडा पृष्ठभागाचाच असेल याची खात्री नाही. टेकवून मोजायचा प्रोब वापरा. पाण्याचा थेंब टाकून बघण्याची सवयही सोडा, प्रत्येक थेंब मीठ विरघळवतो आणि पांढरा डाग ठेवतो.

आता मूळ मुद्दा, खारटपणा. १०० मिलिलिटर पाण्यात साधारण ३६ ग्रॅम मीठ विरघळतं. म्हणजे पदार्थाला चमचाभर, ५ मिलिलिटर रस सुटला तर तो पावणेदोन ग्रॅमपर्यंत मीठ ओढून घेऊ शकतो. प्रौढाने दिवसभरात ५ ग्रॅमच्या आत राहावं असं जागतिक आरोग्य संघटना सांगते, त्याच्याशी ताडून बघा. म्हणून टोमॅटो आणि मशरूम या लादीवर भाजायचेच नाहीत, दोन मिनिटांत तोंडात धरवत नाहीत. अंडं फोडून घातलं तर पिवळा बलक सुरेख राहतो, पण पांढरा भाग कडेला खारट होतो. सालासकट कोळंबी मात्र उत्तम होते, कारण साल मधे आडोशासारखं राहतं. माशाचा तुकडा कागदाने टिपून कोरडा करायचा, तेल लादीला न लावता तुकड्याला चोळायचं, जाडी एक सेंटिमीटर, दोन्ही बाजूंनी दीड-दोन मिनिटं. वेगळं मीठ घालायचं नाही. एक घाणा झाला की दुसरा लगेच टाकता येतो, कारण किलोमागे मीठ बिडाच्या जवळपास दुप्पट उष्णता साठवतं. याच कारणाने गॅस बंद केल्यावरही ती तासन् तास गरम राहते. लहान मुलं घरात असतील तर हे विसरू नका.

थंड वापरात हे सगळे त्रास नाहीत. दोन तास फ्रिजमध्ये ठेवलेल्या लादीवर लोण्याची चकती दहा मिनिटं ठेवा. खालच्या बाजूला मिठाचा इतका पातळ थर लागतो की हाताने भुरभुरून तो कधीच जमणार नाही. कडक चीज, गडद चॉकलेट, सफरचंदाची फोड, सगळ्यांना हेच लागू. सफरचंद अर्ध्या मिनिटात उचलायचं. फ्रीझरमध्ये मात्र लादी ठेवू नका. बाहेर काढताच तिच्यावर दव धरतं आणि वरचा थर चिकट होतो.

दमट हवेत तिला पाणी सुटतं. हवेतली सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतलंच पाणी ओढतं. लादी कोरडी करून फडक्यात गुंडाळून घट्ट पिशवीत ठेवावी. उघड्या लोखंडी फळीवर ठेवली तर खाली गंज आलाच म्हणून समजा. सोबत येणारी धातूची चौकटही त्याच कारणाने खराब होते, ती न घेतलेली बरी.

साफसफाई सोपी आहे: पूर्ण गार झाल्यावर उलथन्याने खरवडायचं, पिळलेल्या स्पंजने पुसायचं. साबण नको, तो भेगांत मुरतो.

गुलाबी रंग लोहाच्या ऑक्साइडचा. बाकी जवळजवळ सगळं सोडियम क्लोराइडच आहे, त्यामुळे ‘चौऱ्याऐंशी खनिजं’ असल्या जाहिराती वाचून खरेदी करू नका. आयोडीन त्यात घातलेलं नसतं, म्हणून रोजचं आयोडीनयुक्त मीठ बंद करायचं नाही.

आत्ता लादीची तापवायची बाजू दुधट पांढरी झाली आहे आणि एका कोपऱ्यापासून मध्यापर्यंत केसाएवढी भेग आहे. सुरुवातीपासून तीच बाजू आचेवर ठेवली, दुसरी थंड वापरासाठी राखली, म्हणून ती अजून गुळगुळीत आहे. दोन तुकडे झाले की तापवणं बंद. मोठा तुकडा लोण्यासाठी, लहान किसणीवर किसायला.